ती राजकन्या मरत नव्हती

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)

अजिंठ्याला आपल्यापैकी पुष्कळजण एकदा तरी जाऊन आलेले असतात. शाळेच्या सहलीबरोबर, नाहीतर घरी पाहुणे आले म्हणून. वाघोरा नदीच्या काठचं ऊन डोळ्यांत घेऊन माणूस लेण्यात शिरतो आणि पहिली दोन-चार मिनिटं त्याला काहीच दिसत नाही. मग अंधारातून एखादा डोळा वर येतो. कमळ धरलेली बोटं, मोत्यांचा सर, हत्तीची पाठ. मधेच हातभर भिंत उघडी पडलेली असते, गिलावा गेलेला असतो. पलीकडे पुन्हा अर्धा खांदा. हा अर्धा खांदा आणि ती बोटं जोडायचं काम आपण न सांगता करू लागतो. तेवढ्यात गाइड एक नाव सांगतो, ‘ही अमुक राणी’, ‘हा तमुक दरबार’, आणि आपल्याला एकदम हायसं वाटतं. चित्र दिसलं, असं वाटतं.

मला आज या नावांविषयी बोलायचं आहे. अजिंठ्यातल्या तीन चित्रांना गेल्या दोन शतकांत अशी नावं मिळाली, की जी त्यांची नव्हती. नावं ठेवणारी माणसं अडाणी नव्हती. चांगली विद्वान होती, चित्रांवर जीव असलेली होती. पण जी गोष्ट आपल्या आठवणीत नाही ती डोळ्यांना दिसत नाही, आणि जी आहे ती नसलेल्या जागीही दिसते. एरवी हे विधान मी कवितेविषयी केलं असतं. अजिंठ्यात ते भिंतीवर हात ठेवून दाखवता येतं. (हात मात्र खरोखर ठेवू नका!)

पहिलं चित्र १७ क्रमांकाच्या लेण्याच्या ओसरीत आहे. एक मोठं चक्र. त्याचा बराच भाग आज गेलेला आहे, पण एकोणिसाव्या शतकातल्या पाहुण्यांना ते बरंच दिसत होतं. गोल चाक, त्याचे कप्पे, कप्प्याकप्प्यांत आकृती. युरोपातून आलेल्या माणसाला असं चाक पाहून काय आठवणार? राशिचक्र. मेष, वृषभ, मिथुन. झालं, त्या लेण्याला ‘राशिचक्राचं लेणं’ असं नाव पडलं आणि ते काही दशकं चाललं.

ते राशिचक्र नव्हतं. ते भवचक्र होतं, जन्म-मरणाचा फेरा. ते ओळखलं लॉरेन्स वॅडेल यांनी १८९० च्या दशकात. वॅडेल सरकारी नोकरीतले डॉक्टर. दार्जिलिंगच्या बाजूला राहून लामांच्या धर्माचा अभ्यास केलेले. तिबेटी मठांच्या दारात असंच चक्र काढलेलं त्यांनी पाहिलं होतं, त्याचा अर्थ लामांकडून समजून घेतला होता. अजिंठ्यात विसरलं गेलेलं चित्र हिमालयात लोकांच्या तोंडी जिवंत राहिलं होतं. तिकडची आठवण घेऊन माणूस इकडे आला म्हणून चाक पुन्हा बोललं.

याच चक्राविषयी ‘दिव्यावदान’ या जुन्या संस्कृत बौद्ध ग्रंथात एक प्रसंग आहे. मला तो फार आवडतो. विहाराच्या दारात पाच गतींचं चक्र काढावं, असं बुद्ध सांगतात. भिक्षू काढतात. मग येणारे-जाणारे लोक विचारू लागतात, की महाराज, हे काय काढलंय? भिक्षू म्हणतात, आम्हालाही ठाऊक नाही! तेव्हा बुद्ध सांगतात, की चित्राजवळ एक भिक्षू नेमा, जो येईल त्याला समजावून सांगेल. भिक्षू कुणालाही नेमून मोकळे होतात. नेमलेल्याला स्वतःलाच काही कळत नसतं, तर तो दुसऱ्याला काय सांगणार? मग पुन्हा आज्ञा होते, जाणता भिक्षू नेमा. हल्लीच्या गाइडांना रागवणाऱ्या पर्यटकांनी हा प्रसंग जरूर लक्षात ठेवावा, तक्रार फार जुनी आहे.

म्हणजे ज्या काळात ही चित्रं काढली जात होती, त्या काळीही चित्र एकटं पुरतं असं कुणी मानलं नव्हतं. शेजारी सांगणारा हवा. आपल्याकडे कुडाळजवळच्या पिंगुळीत चित्रकथी याच रीतीनं रामायण-महाभारत सांगत आले आहेत. पुढे चित्राची पोथी, मागे वाद्य आणि निरूपण. अजिंठ्याच्या भिंतींवर तर गोष्ट सरळ रेषेतही जात नाही. एकाच राजपुत्राला एकाच भिंतीवर चार-पाच ठिकाणी पाहावं लागतं. राजवाड्यात घडलेलं सगळं एकीकडे, अरण्यात घडलेलं सगळं दुसरीकडे, मग ते आधी घडलेलं असो की नंतर. जातककथा ज्याला पाठ आहे त्याला हा पसारा सहज उलगडतो. ज्याला नाही, त्याला नुसती गर्दी दिसते.

अजिंठ्यातली बहुतेक भित्तिचित्रं पाचव्या शतकातली, वाकाटक राजा हरिषेणाच्या काळातली, असं आज बहुतेक अभ्यासक मानतात. वॉल्टर स्पिंक या अमेरिकन अभ्यासकानं २०१९ साली मृत्यू येईपर्यंत पाचाहून अधिक दशकं हाच विषय धरला होता. त्यांच्या मते तर हे सगळं काम साधारण ४६० ते ४८० या वीस वर्षांतलं. हरिषेण गेला, आश्रयदाते पांगले, आणि काही काळानं चित्राजवळचा तो भिक्षूही उठून गेला. त्याची जागा मोकळी राहिली. २८ एप्रिल १८१९ रोजी जॉन स्मिथ हा मद्रास फौजेतला अधिकारी शिकारीच्या नादात तिथे पोचला आणि १० क्रमांकाच्या लेण्यातल्या खांबावर, रंगवलेल्या आकृतीवरच, आपलं नाव कोरून गेला. आसपासच्या गावकऱ्यांना लेणी ठाऊक होतीच. पण त्यातल्या गोष्टी त्यांच्याकडेही राहिल्या नव्हत्या. त्या मोकळ्या जागेवर पुढे जो येईल तो बसला.

दुसरं चित्र आमच्या पिढीच्या शालेय आठवणीतलं. लेणं क्रमांक १, राजाचा दरबार, समोर उंच टोप्या घातलेले, दाढीवाले, लांब अंगरख्यातले परदेशी लोक नजराणे घेऊन आलेले. चालुक्य राजा दुसरा पुलकेशी इराणच्या वकिलाचं स्वागत करतो आहे, हे आम्ही घोकलं होतं. ही ओळख पटवली जेम्स फर्ग्युसन यांनी, १८७९ साली. आधार होता तबरीच्या इतिहासाचा. नवव्या-दहाव्या शतकातल्या या इतिहासकारानं अरबीत लिहिलेल्या ग्रंथात असं येतं, की भारतातल्या एका राजानं इराणचा बादशहा दुसरा खुस्रो आणि त्याच्या मुलांना पत्रं आणि भेटी पाठवल्या. एका मुलाला हत्ती, तलवार, पांढरा ससाणा, जरीचा अंगरखा. हा राजा म्हणजे पुलकेशी असं धरलं, आणि मग भिंतीवरचे टोपीवाले त्या भेटींची परतफेड करायला आलेले वकील ठरले. तबरीत भेटी इकडून तिकडे जातात आणि चित्रात त्या तिकडून इकडे येतात, ही अडचण कुणाला फारशी बोचली नाही.

फर्ग्युसन तिथेच थांबले नाहीत. त्याच लेण्याच्या छतावर एक परदेशी पुरुष हातात पेला घेऊन बसला आहे, शेजारी स्त्री, आजूबाजूला सेवक. हे जोडपं त्यांनी खुस्रो आणि शिरीन ठरवलं. आता खरं सांगतो, माझ्यासारख्या माणसाला ही ओळख सोडवत नाही. शिरीन-फरहादची गोष्ट आमच्या घरात आजीच्या तोंडून आलेली. बाराव्या शतकातल्या निजामी गंजवीच्या काव्यात तर शिरीन खुस्रोच्या प्रेमात पडते ती त्याचं चित्र पाहूनच. शापूर नावाचा चितारी खुस्रोचं चित्र काढून तिच्या वाटेवर ठेवतो. माणूस पाहिलेला नाही, नाव ठाऊक नाही, आणि ती चित्रापुढून हलत नाही. चित्र आणि कल्पना यांच्या नात्यावर याहून नेमका दाखला मला तरी माहीत नाही. अशी ही शिरीन आपल्या अजिंठ्याच्या छतावर बसलेली असावी, हे कोणत्या कवीला आवडणार नाही? कातळ फोडणारा फरहाद तेवढा शोधायचा राहिला, आणि लेण्यात कातळ फोडणाऱ्यांची काय वाण!

पण हिशेब जुळत नाही. पुलकेशीची कारकीर्द ६१० ते ६४२. चित्रं पाचव्या शतकाच्या उत्तरार्धातली. पुलकेशी गादीवर येण्याच्या सव्वाशेहून अधिक वर्षं आधी ती भिंत रंगवून झाली होती. डिटर शिंगलॉफ या जर्मन अभ्यासकानं जुने बौद्ध ग्रंथ आणि भिंती ताडून पाहत हा दरबार महासुदर्शन राजाचा असल्याचं दाखवलं. दूरदूरचे लोक ज्याला नजराणे आणतात असा कथेतला चक्रवर्ती. छतावरचा पेलेवाला तर थोड्या फरकानं छतावर पुन्हा पुन्हा येतो. नक्षीसारखा परत परत काढलेला माणूस हे बादशहाचं व्यक्तिचित्र कसं असेल?

टोप्या मात्र खऱ्या आहेत. अंगरखे, दाढ्या, गोरटे चेहरे, कापडावरची नक्षी हे चित्रकारानं कल्पनेनं काढलेलं नाही. बाजारपेठेत किंवा व्यापारी मार्गावर त्यानं असे लोक पाहिले असणार. महासुदर्शनाच्या दरबारात ‘दूरचे लोक’ दाखवायचे म्हटल्यावर त्याला आपल्या आठवणीतले परदेशी सुचले. म्हणजे आठवणीतून जागा भरायचं काम चित्रकारानंही केलं होतं.

आता तिसरं चित्र, ज्यासाठी मी हे सगळं सांगतो आहे.

१६ क्रमांकाचं लेणं हरिषेणाचा मंत्री वराहदेव यानं खोदवलं, तसा लेख तिथे आहे. आत भिंतीवर एक स्त्री बसल्या जागी कलली आहे. मान झुकलेली, डोळे मिटत आलेले, बोटांतलं बळ गेलेलं. एका दासीनं तिला मागून सावरलं आहे. बाकीच्यांच्या चेहऱ्यांवर काळजी आहे. जॉन ग्रिफिथ्स यांनी या चित्राला नाव दिलं ‘मरणासन्न राजकन्या’, आणि ते जगभर गेलं.

ग्रिफिथ्स मुंबईच्या जे. जे. कला शाळेतले. १८७२ ते १८८५ अशी वर्षं त्यांनी पेस्तनजी बोमनजींसारख्या विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्यात नकला उतरवल्या. त्यांच्याआधी रॉबर्ट गिल यांनी १८४४ पासून कितीतरी वर्षं हेच केलं होतं. गिल यांची बहुतेक चित्रं १८६६ साली लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत गेली. ग्रिफिथ्स यांच्या शंभरावर नकला १८८५ साली, लंडनमधल्याच संग्रहालयाच्या आगीत. दोनदा आग! उरलेल्या नकलांवरून आणि टिपणांवरून ग्रिफिथ्स यांनी १८९६-९७ साली दोन मोठे खंड काढले. जगानं अजिंठा पाहिला तो आधी या खंडांतून.

त्यांना ही राजकन्या इतकी भावली होती, की फ्लॉरेन्सच्या चित्रकारानं रेखाटन याहून सरस केलं असतं, व्हेनिसच्या चित्रकारानं रंग सरस दिले असते, पण असा भाव दोघांनाही साधला नसता, असं त्यांनी लिहून ठेवलं. या चित्राची गोष्ट सांगण्याची रीत अशी आहे की तिच्यात चूक व्हायला जागाच नाही, असंही ते म्हणतात. आणि नेमकी तिथेच चूक झाली. त्यांच्या काळच्या इंग्लंडमध्ये मृत्युशय्येची चित्रं घरोघर आवडीनं पाहिली जात. कललेली स्त्री, भोवती चिंतातुर माणसं, याचा अर्थ त्या डोळ्यांना एकच ठाऊक होता.

ही स्त्री मरत नाही. तिचं नाव सुंदरी. नंद हा बुद्धाचा सावत्र भाऊ, त्याची ही बायको. अश्वघोषाच्या ‘सौंदरनंद’ काव्यात ही गोष्ट विस्तारानं आली आहे. चित्रकारापुढे नेमका तोच ग्रंथ होता असं नाही, पण गोष्ट हीच. नवराबायको एकमेकांत इतके रमलेले की ती आपल्या चेहऱ्यावर रंगाची नक्षी काढते आहे, नंदानं तिच्यापुढे आरसा धरला आहे. तेवढ्यात दारात बुद्ध भिक्षेला येऊन, कुणी लक्ष न दिल्यामुळे, तसेच परत जातात. नंदाला कळतं, तो ओशाळतो, भेटून येतो म्हणतो. ती म्हणते, जा, पण माझ्या गालावरचा हा रंग वाळायच्या आत ये. तो जातो. बुद्ध त्याच्या हातात भिक्षापात्र देतात. मोठ्या भावाच्या हातचं पात्र, ते परत कसं द्यायचं? ते धरून तो मागोमाग विहारापर्यंत जातो आणि मनात नसताना, डोळ्यांत पाणी असताना, त्याचं मुंडण होतं.

अजिंठ्याच्या भिंतीवर एक माणूस मुकुट घेऊन आला आहे. नंदाचा मुकुट. ज्याच्या डोक्यावर तो असायचा, त्या डोक्याला आता त्याची गरज नाही. चित्रकाराला शब्द वापरता येत नाहीत. त्यानं एक वस्तू आणून ठेवली, आणि तिच्या समोर ती बाई कोसळली.

त्या काळच्या पाहणाऱ्याला हे समजायला अडचण नव्हती. १० क्रमांकाच्या लेण्यात, म्हणजे या चित्राच्या कितीतरी शतकं आधी, षड्दंत हत्तीची गोष्ट रंगवलेली होती. पूर्वजन्मी त्या हत्तीची जोडीदारीण असलेली, रुसव्यानं मेलेली आणि पुढच्या जन्मात राणी झालेली स्त्री. जुनी आठवण तिला स्वस्थ बसू देत नाही, आणि ती शिकाऱ्याकडून त्या हत्तीचे सुळे मागवते. सुळे समोर येतात आणि ती खाली कोसळते. १७ क्रमांकाच्या लेण्यात हीच गोष्ट पुन्हा आहे. गंमत अशी, की खरोखर प्राण सोडणारी राणी अजिंठ्यात आहे, ती ही. पण तिला तसं नाव मिळालं नाही. वस्तू येते, स्त्री कलते, ही खूण अजिंठ्याच्या भिंतींवर आधीपासून होती. ज्यानं सुळे पाहिले होते त्याला मुकुट वाचता येत होता.

राशिचक्राचं नाव चुकलं, त्यात फार काही बिघडलं नाही. पुलकेशीच्या दरबारानं तर आपला अभिमानच वाढवला, म्हणून तो इतका टिकला. पण ‘मरणासन्न’ या शब्दानं त्या बाईकडून काहीतरी काढून घेतलं, असं मला वाटतं. मरण कुणाच्या हातात नसतं. मरणाऱ्या राजकन्येसाठी हळहळावं आणि पुढच्या लेण्याकडे जावं. सुंदरी जिवंत आहे, आणि उद्याही तिला जगायचं आहे. तिचा नवरा तिच्यापासून कुणी नेला? ज्यांच्यासाठी ही लेणी खोदली, त्यांनीच. हे चित्र भिंतीवर आहे ते कुठल्या राजवाड्यात नाही, विहारात आहे. भोवती भिक्षूंच्या खोल्या आहेत. तिथे राहणारा प्रत्येक जण कुणाला तरी मागे ठेवून आलेला. कुणी आई, कुणी बायको. सकाळी खोलीतून बाहेर पडताना, संध्याकाळी दिव्याच्या उजेडात परतताना समोर सुंदरी. नंद पुढे स्वर्ग पाहून आला, मार्गी लागला, हेही त्याच लेण्यात रंगवलेलं आहे. पण चित्रकारानं तिचं दुःख त्यासाठी जराही लहान केलं नाही. भिक्षूंना ते बघून काय आठवत असेल, हे ग्रंथांत कुठे मिळत नाही. तिथे मला माझ्याच कल्पनेवर विसंबावं लागतं, आणि फर्ग्युसनसाहेबांना मी मघाशी हसलो, त्याची आठवण होते.

ग्रिफिथ्स यांच्यानंतरही माणसं येत राहिली. १९०९ ते १९११ च्या दरम्यान ख्रिस्तिआना हेरिंगहॅम आल्या. त्यांच्याबरोबर नंदलाल बोस, असितकुमार हालदार, समरेंद्रनाथ गुप्त, वेंकटप्पा असे तरुण होते आणि हैदराबादेहून सय्यद अहमद, फजलुद्दीन. नंदलाल अजिंठ्याची रेषा घेऊन बंगालला गेले. नंतर गुलाम यझदानी यांनी निजामाच्या पुरातत्त्व खात्यातून अजिंठ्याचे चार भाग सिद्ध केले, १९३० ते १९५५. जातकांची पानं आणि भिंतीचे तुकडे पुन्हा शेजारी शेजारी ठेवायचं काम या आणि अशा अनेकांनी केलं. चित्राजवळ बसायला जाणता माणूस मिळू लागला, तो असा.

रंगांचंही तेच. अजिंठा म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे एक सोनेरी तपकिरी झाक येते. ती सगळीच मूळची नाही. नकला करणाऱ्यांनी रंग उठून दिसावेत म्हणून वार्निश फासलं, १९२० साली निजाम सरकारनं इटलीहून बोलावलेल्या सेकोनी आणि ओर्सिनी यांनी पोपडे धरून ठेवण्यासाठी लाखेचा लेप दिला, आणि वर्षानुवर्षांत तो पिवळा पडला. पुढे पुरातत्त्व खात्यानं काळजीपूर्वक सफाई केली, तेव्हा खालून निळे-हिरवे असे रंग निघाले की जुन्या कॅलेंडरांवर वाढलेल्या लोकांना ते नवे वाटावेत.

आता जाल तेव्हा १६ क्रमांकाच्या लेण्यात थोडा वेळ काढा. दिवे मंद असतात, फ्लॅशला मनाई आहे, डोळे सरावेपर्यंत थांबावं लागतं. पुस्तकांत आणि पोस्टकार्डांवर बहुतेक वेळा फक्त सुंदरीचा भाग छापतात, मुकुट चौकटीच्या बाहेर राहतो. म्हणून आधी मुकुट धरलेला माणूस शोधा. तो सापडला की मग तिच्याकडे पाहा.